कुणकेश्वरच्या व्यापाऱ्याची उडी मुलांसाठी वगळावी का?

दापोली परिसरातील एका शाळेत शिकवणाऱ्या बाईंनी विचारले आहे की, पाचवी-सहावीच्या मुलांसाठी किनाऱ्यावरच्या जुन्या दंतकथांचा लहानसा संग्रह त्या लिहीत आहेत आणि कुणकेश्वरच्या कथेपाशी त्यांची लेखणी अडली आहे. वादळात सापडलेला परदेशी व्यापारी किनाऱ्यावरचा मिणमिणता दिवा पाहून नवस बोलतो, वाचतो, देऊळ बांधतो आणि शेवटी त्याच देवळाच्या शिखरावरून उडी टाकून प्राण देतो. हा शेवट जसाच्या तसा सांगावा, की व्यापारी सुखरूप मायदेशी परतला असे लिहावे, हा त्यांचा पहिला प्रश्न. "हे खरंच घडलं का?" असे मुलांनी विचारले तर काय उत्तर द्यावे, हा दुसरा. सोबत त्यांनी कथेचा पहिला परिच्छेद जोडला आहे. त्यात किनाऱ्याला लागलेल्या व्यापाऱ्याला गावकरी हिरवी मिरची वाटून घातलेली सोलकढी आणि मूठभर काजू देतात. त्या सोलकढीविषयी शेवटी लिहितो.

गेली बावीस वर्षे मी मालवणात राहून मुलांसाठी अशाच कथा नव्याने सांगण्याचे काम करतो आहे आणि आपण ज्या वळणावर उभ्या आहात, तेथे मी एकदा चुकलेलो आहे. माझ्या पहिल्या संग्रहात हीच कथा होती आणि त्यात मी व्यापाऱ्याला घरी पाठवले होते. देऊळ पुरे झाले, गावाने त्याला निरोप दिला, शिडात वारा भरला आणि गलबत क्षितिजाआड गेले, असा तो शेवट मला त्या वेळी फार सुरेख वाटला होता. पुस्तक निघाल्यावर देवगड तालुक्यातील एका शाळेत ती कथा वाचून दाखवली. मुले शांत होती. खिडकीलगत मांडीवर दप्तर घेऊन बसलेली सहावीतली एक मुलगी मात्र वाचन संपताच उभी राहिली आणि म्हणाली, "मगे ता देवळाकडला थडगा कोणाचा, सर?"

माझ्याकडे उत्तर नव्हते. देवळाजवळ त्या व्यापाऱ्याचे म्हणून थडगे दाखवतात, आणि त्या मुलीने ते महाशिवरात्रीच्या जत्रेला जाता-येता दर वर्षी पाहिले होते. मी व्यापाऱ्याला गलबतात बसवून दिले आणि तिच्या गावचा एक दगड अनाथ करून टाकला. ज्या मुलांनी कुणकेश्वर पाहिलेले नाही, त्यांना त्या शेवटात काही खटकले नसते. पण आपण लिहितो ते या किनाऱ्यावरच्या मुलांसाठी, आणि त्यांना कथेआधी जागा माहीत असते.

म्हणून मला वाटते की आपला खरा प्रश्न शेवट दुःखद असण्याचा नाही. दंतकथेतला कोणता भाग लेखकाने हलवायचा नसतो आणि कोणता त्याचा स्वतःचा असतो, हा तो प्रश्न आहे. परीकथेला गाव नसते. "एक आटपाट नगर होते" म्हटले की भागते. दंतकथा मात्र डोळ्यांसमोर असलेल्या कुठल्यातरी वस्तूला बांधलेली असते. कुणकेश्वरला थडगे आहे. आरवलीच्या वेतोबापुढे भल्यामोठ्या चामडी चपला ठेवलेल्या असतात आणि देव रात्री गावाची राखण करीत फिरतो म्हणून त्या झिजतात, असे सांगतात. अंबरनाथच्या शिवालयाचा गाभारा वरून उघडा आहे, कारण पांडवांनी ते एका रात्रीत बांधायला घेतले आणि शिखर होण्याआधीच उजाडले. या प्रत्येक ठिकाणी कथा म्हणजे त्या वस्तूविषयी कुणीतरी, बहुधा एखाद्या मुलानेच, विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर आहे. मी कथा लिहायला घेताना पहिल्यांदा ती वस्तू शोधतो. तिच्यापर्यंत नेणारी घटना मी काढत नाही आणि वळवत नाही. बाकीचे, म्हणजे व्यापाऱ्याचा स्वभाव, त्याचे खलाशी, गावातली माणसे, संवाद, पाऊसपाणी, हे सगळे माझे. तेथे मी पूर्ण मोकळीक घेतो.

या कसोटीवर उडी कथेतून काढता येत नाही. मात्र ती कशी सांगायची, आणि कोणाला किती सांगायची, हे परिस्थितीवर अवलंबून आहे.

वयाचे आधी पाहू. तिसरी-चौथीच्या मुलांना ही कथा सांगताना मी देऊळ पूर्ण होते तेथे थांबतो आणि मोकळेपणाने म्हणतो की गोष्ट इथे संपत नाही, देवळाजवळ जे थडगे आहे त्याची गोष्ट पुढे आहे, ती तुम्ही मोठे झालात की सांगेन. कथा लवकर थांबवणे आणि कथा वळवणे यांत मी फार फरक मानतो. थांबलेली कथा पुढे सांगता येते. वळवलेली कथा मुलाला पुढे कधीतरी खोटी ठरवावी लागते, आणि ती खोटी सांगणारे आपणच असतो. पाचवी-सहावीच्या मुलांना शेवट सांगायला हरकत नाही, असा माझा अनुभव आहे. परंतु आपण शिक्षिका आहात, मुले आपल्या समोर रोज बसतात. एखाद्या मुलाच्या घरात असे काही अलीकडे घडलेले असेल तर त्या वर्षी त्या वर्गात ही कथा वाचू नये. पुस्तक कोठे पळून जात नाही.

आता कशी सांगायची. व्यापाऱ्याने उडी का टाकली, याचे कारण सांगणाऱ्यागणिक थोडे बदलते. कोणी त्याला अरब म्हणतो, कोणी इराणी. पण आपल्या धर्माबाहेरच्या देवाचे देऊळ बांधल्यावर आता परत कोणत्या तोंडाने जायचे, हा पेच सगळ्यांच्या सांगण्यात येतो. येथे नवख्या लेखकाला एक मोह होतो, तो म्हणजे खलनायक पुरवण्याचा. मायदेशी त्याला ठार मारले असते, त्याच्या माणसांनी त्याला धमकावले, असे काहीतरी घातले की कथेला सोपे कारण मिळते. माझ्या ऐकण्यात आलेल्या कोणत्याही सांगण्यात असा धमकावणारा नाही. पेच त्याच्या एकट्याच्या मनातला आहे, आणि तो तसाच ठेवावा. दोन घरांपैकी कोणतेच आता पुरते आपले राहिले नाही, ही भावना मुंबईहून गणपतीला गावी येणाऱ्या मुलांना मोठ्यांच्या अंदाजापेक्षा अधिक कळते.

उडीचे वर्णन मी करत नाही. ती शौर्याची किंवा भक्तीची परमावधी म्हणून रंगवत नाही, आणि त्याने त्याचा प्रश्न सुटला असेही सुचू देत नाही. नव्या आवृत्तीत तो प्रसंग तीन वाक्यांचा आहे: गवंडी सकाळी कामावर येतात, काल रात्री शिखराला लावलेली परांची तशीच असते, आणि व्यापारी खाली असतो. त्यानंतर लगेच गाव येते. ज्या गावाने त्याला वाळूवरून उचलून आणले होते, ते गाव त्याला पुन्हा उचलते, आणि "आमका सांगलानस असतास तर" एवढेच एक म्हातारा खलाशी म्हणतो. हे वाक्य माझे आहे, परंपरेतले नाही. मुलांसमोर वाचताना कळले की हेच वाक्य आवश्यक होते, कारण त्यामुळे मुलांचे लक्ष उडीवरून सांगण्याकडे वळते. चित्रकाराला मात्र मी स्पष्ट लिहून दिले होते की शिखराच्या टोकावर माणूस काढायचा नाही.

एक सावधगिरी आणखी. कथा छापण्याआधी मसुदा देवळाच्या गुरवांना आणि गावच्या मानकऱ्यांना वाचून दाखवा, आणि आपल्या ओळखीच्या एखाद्या मुसलमान कुटुंबालाही वाचून दाखवा. परवानगी मागायला जायचे नाही, ऐकवायला जायचे. मला या वाचनांतून दोन दुरुस्त्या मिळाल्या, आणि एका आजोबांनी माझा एक पूर्ण परिच्छेद "हे पुस्तकी झालं" म्हणून झटकून टाकला, तोही योग्यच.

दुसऱ्या प्रश्नाकडे येतो. "हे खरंच घडलं का?" या प्रश्नाची धास्ती घेण्याचे कारण नाही, मुलांना हो किंवा नाही हवे असते असे समजून आपणच गडबडतो. नीट ऐकले तर त्यांना "तुम्हाला हे कुणी सांगितलं?" असे विचारायचे असते. म्हणून मी उत्तर प्रस्तावनेत देत नाही, कथेतच सांगणारा माणूस उभा करतो. जो सांगतो त्याला जेवढे माहीत असेल तेवढेच कथेत येते, आणि त्याला जे माहीत नाही ते तो तसे म्हणतो.

अंबरनाथचे उदाहरण घ्या, कारण तेथे दगडावर लिहिलेलेच आहे. त्या देवळातील शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इसवी सन १०६० चा असून तो शिलाहार राजा मुम्मुणीच्या काळातला आहे. माझ्या कथेत आजी नातवाला पांडवांची रात्र सांगते, अगदी रंगवून: भीमाने खांद्यावरून आणलेल्या शिळा, सहदेवाचे मोजमाप, आणि नको त्या वेळी आरवलेला कोंबडा. दुसऱ्या दिवशी नातू देवळात जातो आणि तेथे लेख वाचणारा एक अभ्यासक त्याला शके आणि राजाचे नाव सांगतो. नातू आजीला खोटे पाडत नाही. तो एवढेच विचारतो की मुम्मुणीला एवढे देऊळ बांधायला किती रात्री लागल्या असतील. मुलांना दोन्ही गोष्टी एकाच वेळी मनात धरता येतात. ते आपल्यालाच जमत नाही.

कधी उलटे असते, म्हणजे लेखी पुरावा असतो पण तो एकाच बाजूचा असतो. उत्तर कोकणचा शेवटचा शिलाहार राजा सोमेश्वर हा देवगिरीच्या महादेव यादवाशी झालेल्या युद्धात समुद्रात बुडाला. महादेवाच्या कोपापेक्षा त्याने समुद्रात बुडणे पत्करले, असे हेमाद्री लिहितो. पण हेमाद्री म्हणजे महादेवाच्याच दरबारातला पंडित. बोरिवलीजवळच्या एकसरच्या वीरगळांवर, म्हणजे लढाईत पडलेल्या वीरांच्या स्मारकशिळांवर, वल्ह्यांच्या रांगा असलेली जहाजे कोरलेली आहेत आणि काही अभ्यासक ती याच लढाईशी जोडतात. ही कथा मी मुलांना सांगतो तेव्हा हेमाद्रीलाच बोलू देतो, आणि मग एका मुलाला विचारायला लावतो, "पण पंडितजी, तुम्ही तेव्हा जहाजावर होता का?" याच हेमाद्रीने, म्हणजे लोकांच्या तोंडच्या हेमाडपंताने, लंकेहून मोडी लिपी आणली अशी दंतकथा आहे, ती मुलांना सांगून पाहा; ज्याने एवढे लिहून ठेवले त्याच्याही नावावर लोकांनी गोष्ट रचली, याची त्यांना फार गंमत वाटते.

जंजिऱ्याची कथा तर सांगणाऱ्यागणिक पालटतेच. राम पाटील हा कोळ्यांचा नाईक, बेटावर त्याचा लाकडी मेढेकोट, आणि व्यापाऱ्याच्या वेषात आलेला निजामशहाचा सरदार पिरमखान. तो कोळ्यांना दारू पाजतो आणि गलबतातल्या पिंपांतून सैनिक बाहेर पडतात. कोळीवाड्यात ऐकली तर ही दग्याची गोष्ट आहे, किल्ल्याच्या बाजूने ऐकली तर युक्तीची. मी ती दोनदा लिहिली, एकामागोमाग एक, घटना त्याच ठेवून. दारू काढून सरबत करावे असे एका संपादकांनी सुचवले होते. सरबत पिऊन अख्खा मेढेकोट कसा झोपला, हे मुलांनी विचारले असते आणि उत्तर द्यायला संपादक तेथे नसते.

पाठभेद सांभाळण्याची ही रीत माझी नाही, ती मराठीत फार जुनी आहे. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या लीळा गोळा केल्या, तेव्हा ते ज्यांनी स्वामींना पाहिले-ऐकले होते त्यांच्याकडे जाऊन विचारत, आणि आठवणी जुळल्या नाहीत तर तो फरकही नोंदवून ठेवत. आपणही निदान तीन माणसांकडून कथा ऐका, शक्य तर एक बाई, एक दर्यावर जाणारा आणि एक देवळाशी संबंध असलेला. तिघांनी जे शब्द सारखे वापरले असतील ते वहीत अधोरेखित करा. कुणकेश्वरच्या कथेत मला तिघांकडून "दिवो" हा शब्द जसाच्या तसा मिळाला; कोणीही प्रकाश म्हटले नाही, उजेड म्हटले नाही. मी कथा त्या दिव्यापासून सुरू केली.

जी गोष्ट मुलांना दाखवताच येणार नाही असे वाटते, तिचे काय, हेही एका उदाहरणाने सांगतो. उत्तर कोकणात शिलाहारांच्या काळातले दान दिल्याचे दगड सापडतात आणि त्यांतल्या काहींवर खाली गाढव आणि स्त्री कोरलेली असते. दान मोडणाऱ्याला दिलेली ती अर्वाच्य शिवी आहे, आणि अशा दगडाला गधेगाळच म्हणतात. सहलीतल्या मुलांनी विचारले तेव्हा मी म्हणालो, "ही इतकी घाण शिवी आहे की कोणी दान मोडू नये म्हणून ती दगडावर कोरली." मुले खदाखदा हसली आणि पुढे गेली. अर्थ सांगितला, तपशील सांगितला नाही, आणि खोटेही बोललो नाही. कुणकेश्वरच्या शेवटालाही हेच प्रमाण लावता येईल.

भाषेविषयी थोडक्यात. निवेदन प्रमाण मराठीत ठेवा आणि बोली फक्त बोलणाऱ्याच्या तोंडी द्या, तीही अर्थ संदर्भाने कळेल एवढीच. दापोलीकडची बोली आणि देवगडची मालवणी एक नाही, हे आपल्याला मी सांगायला नको. समुद्राचे शब्द मात्र सोपे करू नका. तांडेल, शीड, डोलकाठी, सुकाणू, उधाण हे शब्द मुलांना एकदा कळले की ती ते मिरवतात. जुन्या लेखांतला एखादा भारदस्त शब्दही चालतो. अलिबागजवळच्या अक्षीच्या शिलालेखात शिलाहार राजा केसिदेवरायाला "पसिमसमुद्राधिपति" म्हटले आहे. हा शब्द मी एका कथेत घातला, तर नंतर आठवडाभर त्या वर्गात जो कोणी मधल्या सुट्टीत पाण्याची टाकी अडवून उभा राही त्याला सगळे पसिमसमुद्राधिपति म्हणत होते.

समुद्राचे वेळापत्रकही कथेला उपयोगी पडते. पश्चिमेकडून येणारी गलबते पावसाळी वाऱ्यांचा जोर ओसरता ओसरता इकडे येत आणि हिवाळ्यात ईशान्येचा वारा सुरू झाला की परत जात. आपल्या मसुद्यात वादळ "भर माघात" आहे. त्या दिवसांत समुद्र बहुधा शांत असतो आणि वारा परतीचा असतो. वादळ भाद्रपदात आणा. त्याने कथेलाही बळ येते, कारण गलबत फुटलेला माणूस वारा फिरेपर्यंत जाऊच शकत नाही, त्याला गावात राहावेच लागते. आणि राहिल्यावर चिरा कोठे मिळतो, गवंडी कोण, चुना कसा भाजायचा हे त्याला कळू लागते. परतीचा वारा येतो, जातो, पुन्हा येतो, आणि हा अजून बांधतोच आहे. त्याचे मन कसे बदलले हे सांगायला मला निराळे वाक्य लिहावे लागले नाही. गलबताला लोखंडी खिळे मात्र मारू नका. त्या काळी अरबी समुद्रातली गलबते काथ्याने फळ्या शिवून बांधत, आणि या किनाऱ्यावरच्या मुलांना काथ्या काय ते चांगले ठाऊक असते.

राहिली सोलकढी. ही कथा साधारण नऊशे वर्षांपूर्वीची म्हणून सांगतात. मिरची आणि काजू दोन्ही मूळचे अमेरिकेतले, आणि वास्को द गामा कालिकतला उतरला तो १४९८ मध्ये. त्याच्यानंतर पोर्तुगीजांनी ते इकडे आणले. माझ्या पहिल्या आवृत्तीत व्यापाऱ्याने बटाट्याची भाजी खाल्ली होती आणि वर देवगडच्या गावात त्याला हापूस आंबाही मिळाला होता. कलमी हापूसही पोर्तुगीजांनंतरचाच, हे मला एका आंबा बागायतदाराने पोस्टकार्डावर कळवले. तेव्हा काजूच्या जागी ओले खोबरे द्या, आंब्याचा दिवस असेल तर रायवळ द्या. नारळ इथलाच आणि आमसूलही इथलेच, त्यामुळे सोलकढीला कोणी हरकत घेणार नाही. तिच्यातली मिरची तेवढी काढून आले आणि चिमूटभर मिरी ठेचून घाला.